टिपणीसांची जर्मन कारकीर्द

सत्यजीत टिपणीस जर्मनीत बऱ्याचदा मेला होता. एकदा कपड्यांच्या कारखान्यात धुरानं गुदमरून, एकदा भंगारातलं जहाज तोडताना, एकदा निर्वासितांच्या होडीतून पडून. होडी उरणच्या खाडीतली होती आणि पाणी कमरेएवढं, पण तिकडच्या लोकांना ते भूमध्य समुद्रासारखं वाटलं म्हणे. मेला नाही तेव्हा त्यानं लाच घेतली, किडनी विकली, कॉल सेंटरमध्ये बसून परदेशी म्हाताऱ्यांना फसवलं. तिकडच्या टीव्हीवर राजकीय आणि सामाजिक विषयांवरच्या डॉक्युमेंटरी चिकार चालतात. ज्या घटनेचं चित्रण कुणाकडेच नसतं, ती घटना नट घेऊन पुन्हा घडवतात आणि खाली बारीक अक्षरात तसं लिहितात. आपल्या बाजूची घटना असली की ती पुन्हा घडायला सत्यजीत लागायचा. जगातलं कुठलंही दुःख तुमच्या चेहऱ्याला शोभतं, असं एक जर्मन कॅमेरामन त्याला म्हणाला होता. ही स्तुतीच आहे असं धरून सत्यजीत चालला होता.

खांदा कॉलनीत मात्र त्याला कुत्रं विचारत नव्हतं. पिकतं तिथं विकत नाही म्हणतात, ते अगदी खरं. सोसायटीत तो ‘कुमुदमॅडमचे मिस्टर’ होता. वर्षातून तीनचार कामं मिळायची, बाकीचे दिवस गॅलरीत. घर कुमुदच्या नोकरीवर चालायचं आणि त्याबद्दल ती कधी ब्र काढत नसे. त्यामुळे सत्यजीतलाही त्याचा विचार करावा लागत नसे.

एकच गोष्ट त्याला सलायची. पडद्यावर तो तोंड उघडायचा, त्याचे दोन शब्द ऐकू यायचे, आणि लगेच त्यांच्यावर कुणीतरी भारदस्त जर्मन गृहस्थ बोलायला लागायचा. ज्यानं एकांकिका स्पर्धांमध्ये शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोचवला, त्याचा आवाज जर्मनीत कुणी ऐकलाच नव्हता. म्हणून प्रणितनं नवं काम आणलं तेव्हा सत्यजीत खुर्चीच्या टोकावर आला.

प्रणित सुकापूरचा. परदेशातून शूटिंगला आलेल्या मंडळींची गाड्यांपासून नटांपर्यंत सगळी जुळवाजुळव करून द्यायचा. “दादा, या वेळी मरायचं नाही,” तो म्हणाला. “खुर्चीत बसून बोलायचंय. अख्ख्या फिल्मभर तुम्हीच. एक साक्षीदार आहे, त्याचा चेहरा दाखवायचा नाही, आवाजही वापरायचा नाही. त्याच्या जागी तुम्ही.”

“कोण आहे साक्षीदार?”

“मलाच माहीत नाही. योहानाशिवाय कुणालाच नाही. तो आहे की ती आहे, तेही नाही. आणि घरी एक अक्षर बोलायचं नाही हं. वहिनींनाही नाही.”

योहाना म्हणजे दिग्दर्शिका. सत्यजीतच्या बहुतेक फिल्म तिच्याच. गेल्या वर्षी त्यांच्या घरी जेवून गेली होती, कुमुदच्या हातची सोड्यांची, म्हणजे सुक्या कोळंबीची, खिचडी दोनदा मागून घेऊन. सध्या ती दिल्लीत दुसरं काम उरकत होती. नट नेमायचं प्रणितवर सोपवलं होतं, आणि प्रणितनं नेहमीप्रमाणे सत्यजीतला धरलं होतं.

सोबत साक्षीदाराचं रेकॉर्डिंग होतं. बोलणं इंग्रजीत, ऑफिसात वापरतात तसल्या मोजक्या, नेटक्या इंग्रजीत. आवाज यंत्रातून काढून इतका जाडा केलेला की कुणी पिंपात तोंड घालून बोलतंय असं वाटावं. नावं आली की ती खोडलेली. साक्षीदार अशा ऑफिसात होता जिथून पोरांना जहाजांवर नोकरीला पाठवतात. एका जहाजाचा जर्मन मालक जहाज परक्या बंदराबाहेर नांगरून नामानिराळा झाला. पोरं जहाजावरच अडकली. डिझेल संपलं, खायचं संपलं. घरच्यांचे फोन यायचे, तेव्हा ‘तिथे रेंज नाही, पोरं मजेत आहेत’ असं सांगायचं काम या साक्षीदाराकडे होतं. एका पोराची आई तर ऑफिसातच यायची. येताना घरी वाळवलेली मासळी आणायची, साक्षीदाराला द्यायची आणि बाकावर बसून राहायची.

बेलापूरकडे असली ऑफिसं पैशाला पासरी. कुमुदही तसल्याच एका ऑफिसात होती. पण ते ऑफिस चांगलं होतं, कारण त्याचे मालक कॅप्टनसाहेब नाटकवेडे होते. पनवेलच्या एकांकिका स्पर्धेचा करंडक त्यांच्या आईच्या नावाचा होता. नाटकवेडा माणूस वाईट असू शकतो, ही शक्यता सत्यजीतनं उभ्या आयुष्यात कधी विचारात घेतली नव्हती.

तो झपाटून कामाला लागला. कुमुद ऑफिसला गेली की बेडरूमचं दार लावायचं, कानात इअरफोन घालायचे आणि रेकॉर्डिंग गिरवायचं. श्वास कुठे घेतलाय, वाक्य कुठे अर्धं सोडलंय, सगळं. साक्षीदाराची एक लकब तर त्यानं हिऱ्यासारखी हेरली. अवघड वाक्य आलं की आधी गप्प व्हायचं आणि मग एक बारीकसा आवाज व्हायचा. टक्. पुन्हा टक्. मग वाक्य. पुष्कळदा ऐकून सत्यजीतनं ठरवलं, हे बॉलपेन आहे. खटक्याचं पेन खिशात ठेवून तो सराव करायला लागला, आणि आपण आता मोठे नट झालो आहोत असं त्याला आतून वाटायला लागलं.

याच सुमारास त्याला कुमुदचा संशय आला.

झालं असं, की कुमुदनं मासे सोडले. आता, कायस्थाच्या घरात बाईनं मासे सोडणं ही काही साधी गोष्ट नाही. श्रावणात सोडले तर समजू शकतं, आणि त्यातही नाक मुरडत सोडतात. कुमुदनं सोडले ते ऐन हंगामात. ना नवस, ना डॉक्टर, ना कुणी गुरू. विचारलं तर “नको वाटतं” एवढंच. सत्यजीतनं डोकं लढवलं. ज्या बाईनं लग्नाच्या पंगतीतसुद्धा कोळंबीच्या रश्श्याची चौकशी केली होती ती आपणहून मासे सोडत नाही. ती कुणासाठी तरी सोडते. म्हणजे कुणीतरी शाकाहारी आहे.

संशयाला एकदा खायला घातलं की तो रोज वेळेवर जेवायला येतो. कुमुदच्या ऑफिसात अवधूत नावाचा हिशेबनीस होता, कांदासुद्धा न खाणारा. त्याचं नाव अलीकडे घरात येईनासं झालं होतं. (आधी कधी येत होतं, ते सत्यजीतला आठवेना, पण येईनासं झालं होतं हे नक्की.) एका रविवारी ‘ऑडिट आहे’ म्हणून ती गेली आणि डोळे सुजवून परतली. फोन आला की उठून गॅलरीत जायची, दार ओढून घ्यायची. आणि सगळ्यात चमत्कारिक म्हणजे मासे सोडलेल्या या बाईच्या पर्सला सोड्यांचा वास यायचा. ती अंघोळीला गेलेली असताना सत्यजीतनं पर्समध्ये नाक घालून खात्री करून घेतली. सोडेच. उरणजवळच्या करंज्याकडचे, चांगले उन्हात वाळलेले. शाकाहारी प्रियकर आणि पर्समध्ये सोडे, हे गणित काही त्याला सुटेना. पण गणित सुटलं नाही म्हणून संशय सोडणाऱ्यांपैकी तो नव्हता. सरळ विचारायची हिंमत मात्र त्याच्यात नव्हती. ‘हो’ म्हणाली तर काय, ही त्याला भीती होती.

एका दुपारी तो दार लावून रंगात आला होता. पेन हातात, मान खाली, आवाज अगदी तळाशी. “मी त्यांना सांगायचे काम केले,” तो इंग्रजीत म्हणाला, थांबला, टक् टक् केलं, “आणि मला माहीत होते.” मागे काहीतरी पडल्यासारखं झालं. त्यानं वळून पाहिलं. दार उघडं होतं आणि कुमुद उंबऱ्यात उभी होती. भाजीची पिशवी खाली पडून टोमॅटो पलंगाखाली गेले होते.

“लवकर आलीस?” तो म्हणाला.

“हे तुला कुणी दिलं?”

“काम आहे. गोपनीय आहे, सांगता येणार नाही.”

 कुमुदचा चेहरा पांढराफटक पडला होता. मग ती गॅलरीत गेली आणि दार ओढून घेतलं. सत्यजीत टोमॅटो गोळा करायच्या निमित्तानं दाराशी सरकला. पलीकडून दबक्या आवाजात इंग्रजी ऐकू आलं. “तुम्ही मला शब्द दिला होता. नाही, तो नको. तो अजिबात नको.”

 ‘तो’ म्हणजे आपण, हे त्याला लख्ख कळलं. बायको कुणालातरी सांगतेय की तो नको. हातातला टोमॅटो चिरडला गेला, तेही त्याच्या लक्षात आलं नाही.

दुसऱ्या दिवशी प्रणितचा फोन आला. “दादा, जरा गडबड झालीय. योहाना म्हणते, तुम्ही नको. दुसरा नट बघायला सांगितलंय.”

“का?”

“वय जास्त दिसतं म्हणाली. खरं सांगू का, मलाच पटलं नाही. काहीतरी लपवतेय ती.”

एकाच दिवसाच्या आत दोन ठिकाणांहून ‘नको’ आलं म्हटल्यावर शहाण्या माणसानं दोन्ही शेजारीशेजारी ठेवून पाहिली असती. सत्यजीतला तेवढी उसंत कुठली! बायकोनं टाकलं, जर्मनीनं टाकलं, आणि कुणीतरी कोवळा पोरगा ते श्वास, त्या जागा वाया घालवणार. अपमानानं त्याचे कान तापले. त्यानं मोबाईल कपाटाला टेकवून ठेवला, खुर्चीत बसला आणि सगळ्यात अवघड तुकडा सलग करून दाखवला. ती आई, ती वाळवलेली मासळी, ते ‘रेंज नाही’, ती टक् टक्. काम उत्तम झालं. मग त्यानं ती क्लिप ‘पनवेल रंगकर्मी’ या व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकली आणि खाली लिहिलं, ‘ही भूमिका माझ्या हातून काढून घेण्यात आली. रसिकांनीच ठरवावं.’ हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच.

ग्रुपवर टाळ्यांचा पाऊस पडला. जोडलेले हात, फुलं, ‘सत्याभाऊ, अंगावर काटा आला’. सत्यजीत दिवसभर मोबाईल हातात घेऊन बसला. त्या ग्रुपवर करंडकवाले कॅप्टनसाहेबही होते, आणि त्यांनी क्लिप पाहिल्याची खूण दिसली तेव्हा तर तो मनातून सुखावला. त्यांनी फूल मात्र पाठवलं नाही.

संध्याकाळी कुमुद घरी आली. पाठोपाठ दारावरची बेल वाजली. कॅप्टनसाहेब स्वतः, हातात मिठाईचा पुडा.

“टिपणीस, बघितली तुमची क्लिप. काय संयम हो!” पुडा टीपॉयवर ठेवून ते सोफ्यावर बसले. पाय पसरून, आपल्याच घरात बसावं तसे. “म्हटलं, अभिनंदन समक्षच करावं. लेखन कुणाचं?”

“जर्मन लोकांचं,” सत्यजीत खुशीत म्हणाला. “डॉक्युमेंटरी आहे.”

“असं? शब्द मात्र इथले वाटतात. घरच्यांना ‘रेंज नाही’ म्हणून सांगायचं, हे आमच्या धंद्यातलं. बाहेरच्याला सुचायचं नाही.” त्यांनी मान वळवली. “कुमुदताई, तुम्ही ऐकलंत की नाही यजमानांचं काम?”

कुमुद स्वयंपाकघराच्या दारात पाण्याचा ग्लास घेऊन उभी होती. ग्लास तिनं फ्रीजवर ठेवला.  उजव्या हाताची बोटं डाव्या मनगटाशी गेली आणि घड्याळाच्या पट्ट्याची कडी तिनं उघडली, मिटली.

टक्. टक्.

“नाही ऐकलं,” ती म्हणाली.

सत्यजीतचा हात खिशातल्या पेनावर गेला. इतके दिवस कानात घालून ऐकलेला आवाज त्याच्याच हॉलमध्ये झाला होता. मासे. पर्समधले सोडे. सुजलेले डोळे. ‘हे तुला कुणी दिलं’, आणि ‘तो नको’. सगळं एकदम जागेवर बसलं. जर्मन बाईला शब्द दिल्याची आठवण करून देणारी ही, आणि पिंपात तोंड घालून बोलणारी तीही हीच. ज्या माणसानं पोरांना जहाजावर कुजू दिलं तो समोर पेढे घेऊन बसला होता, आणि त्याला इथपर्यंत बोलावून आणलं होतं सत्यजीतनं, फुलं मिळावीत म्हणून.

कॅप्टनसाहेबांनीही तो आवाज ऐकला होता. त्यांनी आधी कुमुदच्या मनगटाकडे पाहिलं, मग सत्यजीतच्या खिशातल्या पेनाकडे. “ती पेनाची टकटक,” ते सावकाश म्हणाले, “ती कुठून सुचली?”

शब्द पाठ नव्हते, तालीम नव्हती, पडदा पाडायची सोय नव्हती. सत्यजीत हसला. फार नाही, लाज वाटल्यावर माणूस हसतो तेवढाच. “सापडलो म्हणायचं. बायकोची आहे, साहेब. घाबरली, चिडली की हिचं घड्याळ वाजतं. किती वर्षं बघतोय! नटाला घरातसुद्धा डोळे उघडे ठेवावे लागतात. चोरली आणि पेनावर आणली. हिला सांगितलं नव्हतं, आता तुमच्यामुळे मार खाणार.”

“आणि गोष्ट?”

“मनिलातली. तिथलं कुठलंसं ऑफिस. आमचा चेहरा त्यांना कुठेही चालतो हो, मागे मी अफगाण झालोय.”

“मनिलातली आई सुकी मासळी घेऊन येते?”

“समुद्र आहे तिथे मासळी वाळतेच की, साहेब. तिथेही मांजरांपासून आयाच तिची राखण करत असतील.”

कॅप्टनसाहेब मोठ्यांदा हसले. सत्यजीतही हसला. कुमुद हसली नाही. चहा झाला, यंदाच्या स्पर्धेच्या परीक्षकांविषयी बोलणं झालं. निघताना चपला घालता घालता ते म्हणाले, “ताई, उद्या जरा लवकर या. तुमचा मोबाईलही घेऊन या, ऑफिसचं काही त्यात असेल तर बघून टाकू.” लिफ्टचं दार बंद झालं.

सत्यजीतनं दाराला पाठ लावली. भीती होतीच, पण त्या भीतीतही नटाचा एक कोपरा फुलून आला होता. आयुष्यातलं सगळ्यात अवघड काम त्यानं आत्ता केलं होतं. “पटलं त्यांना,” तो म्हणाला. “पटलं ना?”

“चोरली म्हणालास,” कुमुद म्हणाली.

“सुचलं ते बोललो.”

“चोरायला आधी बघावं लागतं, सत्या. तू कधी बघितलीस?”

 या बाईच्या हातात घड्याळ असतं एवढं त्याला माहीत होतं. ते कसं वाजतं, हे त्याला जर्मनीतून आलेल्या रेकॉर्डिंगनं सांगितलं होतं.

“आवाज बदललेला होता,” तो म्हणाला. “त्यात इंग्रजी. तुला इतकं इंग्रजी बोलताना मी कधी...”

“माझे श्वाससुद्धा पाठ केलेस तू. त्या दिवशी दाराबाहेर उभी राहून मी ऐकलं. मला वाटलं, कॅप्टननंच तुला रेकॉर्डिंग दिलं, माझी परीक्षा घ्यायला. योहानाला विचारलं, तर तिलाच धक्का बसला. प्रणितनं परस्पर तुला घेतलं होतं. ती म्हणाली, उद्या काढते त्याला. मला वाटलं, मिटलं.” ती खुर्चीत बसली. “इतके दिवस मी जेवत नव्हते, झोपत नव्हते. तुला काय वाटलं होतं माझं काय चाललंय?”

खोटं बोलायचं सगळं बळ कॅप्टनसाहेबांवर खर्च झालं होतं. सत्यजीतनं खरं सांगितलं. मासे, शाकाहार, अवधूत.

कुमुद हसली. पोट धरून, डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसली. “अवधूतच्या डब्यात बारा महिने दुधी असतो रे,” ती म्हणाली, आणि हसता हसताच रडायला लागली. सत्यजीत तिच्या शेजारी जाऊन बसला. काय करावं ते न कळून त्यानं तिच्या पाठीवर हात ठेवला. ती बाजूला सरकली नाही, पण त्याच्याकडे वळलीही नाही.

रडणं थांबल्यावर तिनं तोंड धुतलं आणि मोबाईल उचलला.

“कुणाला?” त्यानं विचारलं.

“योहानाला. उद्या मी ऑफिसला जाणार नाही.”

“पण ते काही सिद्ध करू शकत नाहीत. मी सांगितलंय त्यांना...”

“त्यांना सिद्ध कशाला करायचंय? कळून घ्यायचं होतं. कळलं.” ती नंबर शोधत होती. “लपून बोलले ते नोकरी राहावी म्हणून. आता ती राहत नाही. मग तोंड दाखवून बोलते. निदान मला काही झालं तर चार लोक विचारतील तरी.”

शनिवारी योहाना आली, सोबत एक कॅमेरामन. सत्यजीतला बघून ती ओशाळली. मला सगळं माहीत होतं आणि सांगता येत नव्हतं, असं काहीसं म्हणाली. प्रणित खाली गाडी लावण्यावरून सोसायटीच्या सेक्रेटरीशी हुज्जत घालत अडकला होता. हॉलमध्ये पडदे ओढले, दिवा लावला, खुर्ची मांडली. सत्यजीतच्या कित्येक भूमिका अशाच खुर्चीत झाल्या होत्या. आज तिच्यात कुमुद बसली, साधी सुती साडी नेसून.

“मी मराठीत बोलणार,” ती म्हणाली. “इंग्रजीत मला खोटं सोपं जातं.”

मग भाषांतर कोण करणार? प्रणित वर यायची चिन्हं नव्हती. योहानानं सत्यजीतकडे पाहिलं आणि लेन्सच्या शेजारी एक स्टूल ठेवलं. कुमुदनं त्याच्याकडे बघून बोलायचं, त्यानं तिकडे इंग्रजीत सांगायचं. सत्यजीत बसला. इंग्रजी तर त्याला सगळं तोंडपाठ होतं. एकही शब्द अडणार नव्हता.

“माझं नाव कुमुद टिपणीस,” ती म्हणाली. “जहाजावरच्या मुलांच्या घरचे फोन मी घ्यायचे. करंज्याच्या हौसाबाईंचा जगन जहाजावर होता. मालक जहाज सोडून गेलाय, पोरं पावसाचं पाणी पितायत, हे मला माहीत होतं. हौसाबाई बाकावर येऊन बसायच्या. मी सांगायचे, तिथे रेंज नाही. जगन तापानं गेला, त्याचा निरोप सकाळी माझ्याच मोबाईलवर आला. दुपारी त्या आल्या. तेव्हाही मी म्हटलं, रेंज नाही. त्यांनी सोडे दिले, मी घेतले.”  “नंतर एका रविवारी मी करंज्याला गेले आणि त्यांना सगळं सांगितलं. त्या उठल्या. आत गेल्या, आणि पुन्हा बाहेर आल्याच नाहीत.”

सत्यजीत तुकड्यातुकड्यानं सांगत गेला. पाठ केलेलं इंग्रजी त्याच्या काही उपयोगी पडेना. यात करंजा होतं, जगन होता, दुपार होती. वाक्य जुळवताना तो दोनदा अडखळला.

योहानानं पुढचा प्रश्न विचारला. हे सगळं इतके महिने चाललं होतं, घरी कुणाला सांगितलं होतं का?

सत्यजीतनं तो मराठीत करून कुमुदला विचारला. कुमुदनं त्याच्याकडे पाहिलं. तिच्या नजरेत राग नव्हता, आणि त्यानंच त्याला जास्त भीती वाटली.

“नाही,” ती म्हणाली. “नवऱ्याला सांगावं असं रोज वाटायचं. पण तो काय म्हणेल ते मला माहीत होतं. म्हणाला असता, ‘आपल्याला काय करायचंय, तू नोकरी सांभाळ.’”

कॅमेरा चालू होता. योहाना थांबली होती. सत्यजीतला वाटलं, हे वाक्य थोडं मऊ करता येईल. ‘नवऱ्याला काळजी वाटली असती’ असं काहीतरी. योहानाला मराठी येत नव्हतं, इथे कुणाला कळलं नसतं. कुमुद मात्र त्याच्याकडे बघत होती, आणि तिला इंग्रजी येत होतं.

त्यानं जसंच्या तसं सांगितलं.

योहानानं प्रश्न कुमुदला नाही, त्याला विचारला. “हे खरं आहे?”

“हो,” सत्यजीत म्हणाला. “असंच म्हणालो असतो.”